फिद्दाचे खाणारे

करक, ५ ऑक्टोबर २०१३

सुहैर, माझ्या डोळ्या,

अबू-रजाच्या बसने हे पत्र पाठवतेय. सोबत जमीदचे, वाळवलेल्या दह्याचे, गोळे आहेत, आमटीत विरघळवून खा. दवाखान्याच्या कँटीनमधलं दही दही नसतं, भिंतीचा रंग असतो तो.

फोन का नाही केला म्हणून रुसू नकोस. या घरात फोन हा सार्वजनिक हौद आहे. मी तुझ्याशी एक वाक्य बोलावं, त्याला तुझ्या बापाने पलंगावरून दोन उत्तरं द्यावीत, तुझ्या दोघी भावजयांनी स्वयंपाकघरातून चार. शेवटी मूळ वाक्य कुणाचं होतं हेच कुणाला आठवत नाही. पत्र निदान एकटीचं असतं.

तुझा धाकटा भाऊ मिस्लिह बाळाला घेऊन तुमच्या अम्मानच्या डॉक्टरांकडून परत आला, आणि येताना तीन वेगवेगळे आजार घेऊन आला. तो म्हणतो हाडांचं आहे. त्याची बायको नौफ म्हणते रक्ताचं आहे. आणि तुझा बाप, आमचे शेख उवैद, म्हणतात आजारच नाही! त्यांनी बैठकीत माणसं जमवून सखरची एक्स-रे फिल्म खिडकीच्या काचेला लावली. "बघा, डोक्यापासून पायापर्यंत पांढरंशुभ्र. कुठे फट नाही, पोकळी नाही. नाव सखर ठेवलं तेव्हा हसत होतात ना? खडक म्हणजे खडक!" सगळे माशाअल्ला म्हणाले. अबू-तुर्कीने तर फिल्मला बोट लावून बोटाचा मुका घेतला.

मी मात्र पोराचे डोळे बघते. ते हिंडत राहतात, कुठे बसत नाहीत. चिमणीपुढे धरलं तरी ज्योत शोधत नाहीत. मिस्लिहचा पहिला मुलगा असाच बघायचा. त्याला आपण दात यायच्या आधी पुरला आणि सगळ्यांना ताप सांगितलं.

तेव्हा मला सांग, घट्ट हाडं हा आजार कधीपासून झाला? तीस वर्षं मी पोरींना व्याकरण शिकवलंय, मठ्ठपणा काय असतो ते मला ठाऊक आहे. मी मठ्ठ आहे असं समजून लिही.

तुझी आत्या
रस्मिया


अम्मान, ९ ऑक्टोबर

आत्या, सलाम.

जमीद पोचलं. अर्धं प्रयोगशाळेतल्या बायकांनी पळवलं.

आधी ती फिल्म खिडकीतून काढायला लाव. बाबा ज्याला बिनफटीचं म्हणतात, तोच आजार आहे.

हाड हा दगड नसतो आत्या, सतत डागडुजी चाललेलं घर असतं. एक टोळी बांधत जाते, दुसरी जुनं खाऊन जागा करत जाते. सखरच्या अंगात बांधणारे आहेत, खाणारे काम करत नाहीत. त्यामुळे हाड भरत चाललंय, आतून. हाडाच्या पोकळीत रक्त तयार होतं, ती पोकळीच बुजली. बिचारं रक्त मग यकृतात आणि प्लीहेत जागा शोधतंय. तुम्ही सगळे ज्याला "कसं गुटगुटीत पोट" म्हणता ना, ती फुगलेली प्लीहा आहे. आणि डोळ्याची नस कवटीतल्या ज्या भोकातून जाते ते भोक आवळत चाललंय. उजवा डोळा बहुधा गेला. डावा अजून वाचू शकेल. काहीच केलं नाही, तर पहिल्या बाळाचं झालं तेच होईल.

उपाय एक आहे. हे हाड खाणारे रक्तातल्या मोनोसाइट नावाच्या पेशींचे भाऊबंद, आणि त्या सगळ्यांचं माहेर हाडातला मगज. दुसऱ्याचा जुळणारा मगज सखरमध्ये घातला तर खाणारे नवे येतील. त्याच्या बहिणीचा जुळला नाही. पण आपल्या घरात दोन सख्ख्या भावांनी दोन सख्ख्या बहिणी केल्यात, त्याही चुलत्याच्याच. म्हणजे तपासायला भरपूर जण आहेत. सगळ्यांची रक्तं पाठव. नाएफ, अमशा, त्यांची फिद्दा, सगळ्यांची.

डॉक्टर म्हणतात, उशीर करू नका. ते हे सगळ्यांनाच म्हणतात, पण या वेळी मान खाली घालून म्हणाले.

तुझी
सुहैर


करक, २१ ऑक्टोबर

सुहैर,

फिद्दाचं रक्त जुळलं, हा तुझा निरोप पोचला. त्या चार वर्षांच्या चिमुरडीवर सगळं येऊन थांबेल असं वाटलं नव्हतं. पण तुझं आधीचं पत्र मी स्वयंपाकघरात मोठ्याने वाचून दाखवलं होतं. तिथेच चुकलं.

तुझी थोरली भावजय तुला माहीतच आहे. अमशा भाकरी थापत होती. थापता थापता थांबली. "काय म्हणालात आत्याबाई? माझ्या फिद्दाच्या हाडात खाणारे आहेत?"

म्हटलं, "सगळ्यांच्याच आहेत गं. तुझ्याही आहेत."

"माझ्यात असोत. माझं लग्न झालंय. पोरीच्या हाडातले आधी काढा!"

मी म्हटलं, "तेच तर करायचं आहे. थोडे काढून सखरला द्यायचे."

त्यावर तिला एकदम उलटं सुचलं. "आणि काढल्यावर माझ्या पोरीची हाडं त्याच्यासारखी झाली तर? हात लावू देणार नाही मी!" म्हणजे ठेवले तर पोर खातील, काढले तर पोर दगड होईल. एका भाकरीच्या वेळात बाईने दोन्ही दरवाजे बंद केले. भाकरी जळली ती वेगळीच.

तेव्हापासून ती सख्ख्या बहिणीशी, नौफशी, बोलत नाही. नौफचं काळजीने दूध आटलंय. सखर बाटली तोंडात धरत नाही, दिवसभर किंचाळतो. अमशाचा धाकटा तीन महिन्यांचा, म्हणजे घरात दुभती एकच, आणि ती जवळ गेलं की शिंगं दाखवते. भूक मात्र तिची दांडगी. तिळाच्या हलव्याचा नवा डबा उघडला की दुसऱ्या दिवशी तळ दिसतो, आणि विचारलं तर माझ्याकडेच बघते.

फिद्दा दंडाकडे निरखून बघत अंगणभर फिरते. काल सखरच्या कानाशी जाऊन म्हणाली, "माझे खाणारे तुझ्यापेक्षा मोठे आहेत."

दादाने, तुझ्या बापाने, फिल्म काढली. कपाटामागे ठेवलीय. एकटा असला की काढून बघतो.

दुसरी काहीतरी उपमा दे बाई. ही चावली.

तुझी आत्या


अम्मान, २६ ऑक्टोबर

आत्या,

खाणारे विसर. आपली माणसं घे.

मगज हे गाव समज. तिथे पोरं जन्मतात. कोवळीच बाहेर पडतात, रक्ताच्या रस्त्याला लागतात. तेव्हा त्यांना मोनोसाइट म्हणतात. मी रोज काचेवर रक्ताचा थेंब पसरून त्यांना बघते. पेशी मोठी, आत पावट्याच्या दाण्यासारखं वाकडं केंद्रक. एखाद-दोन दिवस भटकतात. मग जिथून हाक येते तिथे शिरतात आणि त्या गावचे होऊन जातात. फुफ्फुसात गेला तो धूळ झाडतो. यकृतात गेला तो जुनं रक्त मोडीत काढतो. कातडीखाली बसला तो चौकीदार. जखमेतून जंतू आला की हा त्याला गिळतो, आणि त्याचा एक तुकडा अंगावर मिरवत दुसऱ्या शिपायांना दाखवतो, की बघा, हा चोर, चेहरा लक्षात ठेवा. अशा स्थायिक झालेल्यांना मॅक्रोफेज म्हणतात. आणि हाडात जे जातात, ते अनेक मिळून एक होतात आणि हाड पोखरून जागा करतात.

आपलेच लोक बघ ना. अकाबाला गेला तो बंदरातला झाला, फौजेत गेला तो फौजी झाला. पण कुणालाही विचार, "कुठला रे?" म्हटलं की करकच सांगतो.

फिद्दाला झोपवून कमरेच्या हाडातून थोडा मगज काढतील. काही आठवड्यांत तिचं गाव पुन्हा भरेल, काही कमी होणार नाही. सखरच्या हाडात मात्र फिद्दाचं कूळ वस्ती करेल. जन्मभर. हे अमशाला नीट सांग.

आणि आत्या, गोंधळ फक्त तुमच्या स्वयंपाकघरात आहे असं समजू नकोस. आम्ही कॉलेजात शिकलो की हे सगळे मगजातूनच येतात. आता गेली दोन-तीन वर्षं मोठमोठे लोक लिहायला लागलेत की मेंदूतले, यकृतातले बरेचसे खाणारे मगज तयार व्हायच्या आधीच, गर्भातच, येऊन बसलेले असतात. मूळचे रहिवासी. रक्तातून आलेले ते उपरे. म्हणजे मी परीक्षेत जे लिहून पहिली आले त्यातलं निम्मं खोटं! मार्क परत मागतील की काय म्हणून गप्प बसलेय.

सुहैर


करक, ४ नोव्हेंबर

सुहैर,

तुझी पहिली उपमा चावली होती. दुसरी तर डसली.

अमशाला पटलं नाही, पण दादाला पटलं. फार नीट पटलं. मी वाचत होते, तो डोळे मिटून ऐकत होता, मला वाटलं झोपला. "फिद्दाचं कूळ वस्ती करेल, जन्मभर" इथे आले, आणि तो उठून बसला.

"पुन्हा वाच."

वाचलं.

"म्हणजे माझ्या नातवाच्या हाडात फिद्दाचं रक्त तयार होत राहणार?"

"हो दादा."

"रस्मिया, एका बाईचं दूध पाच वेळा पोटभर प्यायलेली पोरं काय होतात?"

"दूधभावंडं."

"त्यांचं लग्न?"

"हराम."

"दूध पोटात जातं आणि दुसऱ्या दिवशी दुपट्यात येतं, तरी ती भावंडं! हे तर हाडात राहणार. मग ही दोघं कोण होणार? आणि मी सखरच्या बारशाला भर बैठकीत काय शब्द दिलाय?"

मला विसर पडला होता गं. सखर जन्मला तेव्हा दादाने सगळ्यांसमोर सांगितलं होतं, फिद्दा सखरची. चुलत्याची पोर चुलत्याच्या पोराला. वर सगळ्यांनी कॉफी प्यायली. आता मगज दिला तर शब्द मोडतो, नाही दिला तर नवरदेवच जातो. मी हे असंच म्हटलं, तर म्हणाला, "मगज दुसऱ्या कुणाचा आणा." जसा तो बाजारात काकड्यांशेजारी मिळतो!

मशिदीतल्या इमामाला बोलावलं. तो सरळ म्हणाला, "रक्त म्हणजे दूध नव्हे. याने कुणी भावंडं होत नाही. खुशाल द्या." तो गेल्यावर दादा म्हणाला, "बाहेरचा, इर्बिदचा आहे. दाढी अजून ओली आहे त्याची." नाएफ मुलीचा बाप, म्हणून त्याला विचारलं. तुझ्या त्या थोरल्या भावाला मत विचारलं की तो शेळ्यांकडे बघतो. बघितलं, आणि शेळ्यांकडेच गेला.

मिस्लिह बापाशी बोलत नाही, नौफ बहिणीशी बोलत नाही, अमशा तर कुणाशीच नाही. ती दुपारी सखरला उचलते, आपल्या खोलीत नेऊन आपल्या धाकट्याशेजारी निजवते, आणि दार लावून घेते. त्या खोलीला मेथीचा वास येतो. काय शिजवते देव जाणे. एक बरं, सखर हल्ली पहिल्यासारखा रडत नाही.

आता शेवटचं. मला कागदावरचं नको, खरं सांग. होतील का गं ती भावंडं?

तुझी आत्या


अम्मान, ८ नोव्हेंबर

आत्या,

सखर रडत नाही हे वाचून मी हातातली काच खाली ठेवली. रडणं कमी होणं ही चांगली गोष्ट नाही! कवटीत दाब वाढला की, अंगात रक्त कमी झालं की, अशी पोरं गप्प गप्प होतात. तो दूध पितो का? अंग ढिलं पडलंय का? कळव लगेच. फोन केलास तरी चालेल, गाव ऐकू दे.

खाट डिसेंबरसाठी धरून ठेवलीय. मगज देणाऱ्याची खात्री या महिन्यात दिली नाही, तर ती दुसऱ्या मुलाला जाईल. तेही कुणाचं तरी बाळच आहे, त्यामुळे मला भांडताही येणार नाही.

तुझा प्रश्न मी आमच्या डॉक्टरांना विचारला. ते आधी हसले. मग हसायचे थांबले. म्हणाले, "शरीयत मला माहीत नाही."

मला जे माहीत आहे ते असं. मगज लागला, आणि वर्षभराने कुणी मला सखरच्या रक्ताचा थेंब बिननावाचा आणून दिला, तर मी तपासून लिहीन, "मुलगी." गालाची पेशी घेतली तर लिहीन, "मुलगा." इमाम म्हणतो भावंडं नाहीत. माझी काच म्हणते भावंडं काय, रक्तापुरतं एकच माणूस. बाबा चुकतायत असं छातीठोक सांगायला मी बसले होते आणि माझंच वाक्य पुरं होईना. बाबांच्या तर्कात भोक सापडत नाही. त्यांचा तर्कही सखरच्या हाडासारखाच झालाय.

म्हणून तर्क सोड. त्यांना मान दे. एखाद्या घराकडे मोठं मागणं न्यायचं तर आपण काय करतो? जाहा नेतो, मानाच्या म्हाताऱ्यांना घेऊन दारात जातो. अबू-तुर्कीला पुढे घाल, चार पांढऱ्या दाढ्या गोळा कर, आणि त्यांच्या कॉफीला हात न लावता बसून राहा. बाबांना आजवर कॉफी थंड झालेली बघवली नाहीय.

सुहैर


करक, १७ नोव्हेंबर

सुहैर, माझ्या डोळ्या,

आधी सांगते, सखर दूध पितो. चांगला ओढून पितो. कुणाचं ते शेवटी कळेल. मलाही शेवटीच कळलं.

जाहा झाली. आपल्याच घरातून आपल्याच घरी जाहा नेण्याचा प्रसंग या डोंगरावर पहिलाच असावा. मिस्लिह त्याच घरात राहतो. तर तो झगा घालून स्वयंपाकघराच्या दाराने बाहेर पडला, पाण्याच्या टाक्याला वळसा घालून रस्त्यावर आला, तिथे अबू-तुर्की, इमाम आणि बाकीच्या दाढ्यांना मिळाला, आणि सगळे मिळून गंभीर चेहऱ्याने पुढच्या दाराशी आले. दादाने दारात येऊन स्वतःच्या मुलाला विचारलं, "कुठून येणं झालं?" स्वयंपाकघरात आम्ही पदर तोंडात कोंबून बसलो होतो.

सगळे बसले. नाएफने कॉफी ओतली. अबू-तुर्कीने फिंजान हातात घेतलं, घसा साफ केला आणि ते समोर जमिनीवर ठेवलं. बाकीच्यांनीही ठेवलं. "शेख उवैद, मागणं मान्य झाल्याशिवाय तुमची कॉफी आम्हाला वर्ज्य."

"बोला," दादा म्हणाला.

आता अबू-तुर्कीने आयुष्यात साठ जाहा नेल्या असतील, सगळ्या सोयरिकीच्या. म्हातारा सवयीच्या घसरगुंडीवर बसला. देवाचं नाव घेतलं, दोन्ही कुळांची स्तुती केली (कूळ एकच, पण दोनदा केली), आणि म्हणाला, "तुमच्या घरची सुशील कन्या फिद्दा आमच्या चिरंजीव सखरसाठी मागायला आलोय."

दादा गोंधळला. "ती तर दिलीच आहे की!"

"दिलीत?" अबू-तुर्कीने हात फिंजानकडे नेला. "मग अल्हम्दुलिल्ला!"

"थांबा, थांबा!" इमाम ओरडला. "मुलगी नकोय! तिच्या हाडातलं थोडं हवंय!"

"मुलगी नकोय?" दादा उठला. "माझ्या दारात जाहा आणून माझी नात नको म्हणता?"

मग सगळेच बोलायला लागले. कुणी म्हणे हाड आधी द्या मुलगी मागाहून, कुणी म्हणे मुलगी ठेवा हाड द्या. मिस्लिह मध्येच ओरडला, "बाबा, माझं पोर आंधळं होतंय, आणि तुम्ही त्याच्या वरातीचं बघताय!" ते मात्र सगळ्यांना ऐकू गेलं. दादा खाली बसला. तोंडातून "पी, मागणं मान्य" एवढं यायला हवं होतं, आणि ते येईना. तो हट्टी आहे, दुष्ट नाही गं. एका बाजूला शब्द, एका बाजूला नातू, आणि मधे बारा फिंजानं थंड होतायत. मी त्याचा चेहरा पडद्याआडून बघितला. आमच्या आईला पुरताना होता तसा होता.

तेवढ्यात माझ्या शेजारून अमशा उठली. एका कडेवर तिचा धाकटा, दुसऱ्या कडेवर सखर. पडदा सारून तशीच बैठकीच्या दारात जाऊन उभी राहिली.

"मामंजी, तुम्ही शब्द मोडू नका. तो मोडून झालाय."

"काय म्हणतेस?"

"नौफचं दूध आटलं तेव्हापासून हा माझ्या अंगावर पितोय. दार लावून पाजते. इमामसाहेब, पाच वेळा लागतात ना? तो पाच वेळा तर एका दिवसात पितो."

इमाम सावरून बसला. "पोटभर?"

"त्याचं पोट बघा की!"

त्या पोटामागची प्लीहा आता सगळ्यांनाच ठाऊक आहे, तरी अबू-तुर्की खो खो हसला. आणि हसू पसरलं. इमाम म्हणाला, "मग प्रश्नच मिटला. फिद्दा त्याची दूधबहीण. लग्न हराम. मगज द्या न द्या, त्याने काही फरक पडत नाही."

दादाने अबू-तुर्कीला विचारलं, "शब्द मी मोडला नाही ना?"

"तुम्ही कसा मोडाल? तुम्ही तर जाहालाही नकार देत होतात."

"मग कुणी मोडला?"

"भुकेने मोडला," अबू-तुर्की म्हणाला. "भूक देवाची."

दादाने मान हलवली. "पी, अबू-तुर्की. मागणं मान्य."

सगळ्यांनी ती गार कॉफी एका घोटात प्यायली आणि चेहरे असे केले की जणू औषध.

नंतर मी अमशाला चुलीपाशी गाठलं. "खरं सांग. सोयरीक मोडावी म्हणून पाजलंस, की दया आली म्हणून?"

"आत्याबाई, पोर रडत होतं." मग थोड्या वेळाने, पीठ मळत, "आणि डोळे नसलेल्या नवऱ्याला माझी फिद्दा देणार होते होय मी?" अजून थोड्या वेळाने, "आता माझा आहे तो. सुई टोचायला कधी न्यायचं पोरीला? बहिणीने नाही द्यायचं तर कुणी द्यायचं?"

तीन उत्तरं दिली, तिन्ही खरी वाटली. तीस वर्षं पोरींच्या उत्तरपत्रिका तपासल्या मी, पण हिला मार्क किती द्यायचे ते मला कळेना. घरातला हलवा कुठे जातो हे ज्या बाईला दिसलं नाही, ती तुला पेशींचा हिशेब विचारत होती!

खाट सोडू नकोस. आम्ही येतोय.

तुझी आत्या


अम्मान, २९ जानेवारी २०१४

आत्या,

मिस्लिह आणि नौफ इथेच आहेत, पण त्यांना काचेपलीकडून बघू देतात तेवढंच. म्हणून तुला मीच लिहिते.

औषधांनी सखरचा स्वतःचा मगज पुसून टाकला. मग फिद्दाचा दिला, एका पिशवीतून, साध्या रक्तासारखा. फिद्दाला वाटलं होतं काहीतरी मोठं निघेल. "एवढंच?" म्हणाली. मग मला बाजूला घेऊन सांगितलं, "मोठे मोठे त्याला दिले. छोटे माझ्याकडे ठेवले."

त्यानंतर वाट बघणं. आत्या, त्या दिवसांत मी त्याच्या रक्ताची काच लावायचे आणि रिकामं दिसायचं. गाव उठून गेलेलं. एकही चौकीदार नाही. ताप आला, उतरला, पुन्हा आला. जे जंतू तुझ्यामाझ्या नखाखाली सुखाने राहतात, त्यातला एकही त्याला पुरला असता. मी लोकांना उपमा देणं सोडलंय.

आणि काल काचेवर एक होता. मोठा, राखाडी, मधे पावट्याचा दाणा. एकटाच. मोनोसाइट बहुधा सगळ्यांच्या आधी परततात. मी खुर्ची सरकवून उभी राहिले, तर शेजारची म्हणाली, "झुरळ दिसलं का?" आज चार होते. तपासले. चारही मुली.

उजवा डोळा गेला तो गेला. डावा ज्योतीमागे फिरतो.

बाबांनी मिस्लिहबरोबर चिठ्ठी पाठवलीय, उत्तर तूच दे. विचारतात, रक्त मुलीचं झालं तर जमिनीत त्याचा वाटा मुलाचा धरायचा की मुलीचा, अर्धा? मी डॉक्टरांना विचारलं नाही. त्यांचं हसणं पुन्हा थांबवायचं धाडस झालं नाही.

आणखी एक. सखरच्या रक्तात कॅल्शियम वाढायला लागलंय. सगळे काळजीत. मी मात्र बाथरूममध्ये जाऊन रडून आले. कॅल्शियम कुठून येणार आत्या? कुणीतरी हाड खायला सुरुवात केलीय.

सुहैर


करक, १४ सप्टेंबर २०१४

सुहैर,

अबू-रजा तुझ्याकडे एक मोठा डबा देईल. उघडल्यावर गोंधळू नकोस, उकडलेला गहू आहे, साखर-बदाम घातलेला. कशासाठी ते सांगते.

दादा रोज दुपारी सखरला मांडीवर घेतो, बोट खजुराच्या रसात बुडवतो आणि त्याच्या हिरड्यांवरून फिरवतो. आम्ही सगळे बघून न बघितल्यासारखं करायचो. पोर सव्वा वर्षाचं होऊन गेलं, तोंडात काही नाही. तू म्हणाली होतीस की दाताला बाहेर यायलाही हाड कुणीतरी खाऊन वाट करावी लागते. मी हे दादाला सांगितलं नव्हतं. नुसतं बोट फिरवू द्यायचे.

काल बैठकीतून दादाची किंकाळी आली. आम्ही धावलो. वाटलं, संपलं. तर दादा बोट वर धरून उभा, बोटावर लाल ठिपका, आणि सखर त्याच्या मांडीवरून घसरून गालिच्यावर, एका डोळ्याने त्या बोटाकडे रोखून बघतोय, की हे परत खाली कधी येतं!

"चावला!" दादा ओरडला. "मला चावला! बोलवा अबू-तुर्कीला! कपाटामागची फिल्म काढा, फाडा ती!"

अमशा म्हणाली, "मला तर तो चार दिवसांपासून चावतोय. मी कुठे गाव गोळा केलं?"

दाताचा गहू रिवाजाप्रमाणे पोराच्या डोक्यावर ओतायचा असतो. नौफ परात घेऊन आली. दादाने तिला थांबवलं. फिद्दाला हाक मारून सखरशेजारी बसवलं, आणि म्हणाला, "आधी हिच्या डोक्यावर. दात त्याचा आहे, वाट हिने केलीय."

वाट्याच्या प्रश्नावर त्याचा निकाल झालाय, तोही ऐक. सखरला मुलाचा पूर्ण वाटा. आणि फिद्दाला मुलीचा, शिवाय सखरच्या हाडातला. तो कसा मोजायचा हे इमामाला येत नाही. तुला येत असेल तर कळव.

फिद्दा केसातले दाणे वेचून खात बसलीय. मध्येच सखरला भरवते, आणि त्याने बोट पकडलं की ओरडते, "अरे, मी तुझी आहे! मला नको चावू!"

तुझी आत्या
रस्मिया